चौथी ओळ

जॅस्मिन लेन, किंग्स्टन
गुरुवार, ४ फेब्रुवारी २०१६

प्रिय नॅडीन,

पत्र्यावर पडलेली थाप. पावसाची नव्हे, दगडाची नव्हे, उघड्या तळहाताची. तुझा बाप तेव्हा सात वर्षांचा होता. आपल्या आवारातल्या नळापाशी उलट्या बादलीवर उभा राहून त्याने मी शिकवलेली घोड्यांची कविता म्हटली, आणि समोरच्या घरातल्या मिस आयसिल्डाने हाताचा साबण झटकून कुंपणाच्या पत्र्यावर थाप मारली. एकच. मग तिच्या मुलाने, लेबर्टने मारली. मग सगळं आवारच पत्रा बडवायला लागलं. पत्रा वाजला की पहिल्यापासून, हा आपल्याकडचा नियम. डान्समध्ये, म्हणजे रात्रीच्या उघड्यावरच्या जलशात, ओळ आवडली की लोक कुंपण बडवतात, आणि तबकडी लावणाऱ्याला सुई उचलून पुन्हा सुरुवातीला ठेवावीच लागते. तुला तिकडे बर्फात राहून विसर पडला असेल म्हणून लिहितो. क्लोव्हिसने कविता पहिल्यापासून म्हटली. घोडे पुन्हा त्याच एका लयीत दौडले.

काल पहाटेपासून माझ्या कानात तीच थाप आहे.

क्लोव्हिस काल पहाटे गेला. हे वाक्य सगळ्यात आधी लिहायला हवं होतं, पण माझी लेखणी वळणावळणाने जाते, तू ओळखतेसच. त्रास झाला नाही. मी आल्याचा चहा घेऊन गेलो तर तो खिडकीकडे तोंड करून पडला होता. चहा मी तिथेच स्टुलावर ठेवून दिला.

तुझा नंबर डिग्बीकडे निघाला. त्याने कुठून मिळवला ते मी विचारलं नाही, तूही विचारू नकोस. डिग्बी आठवतो ना, तुझ्या बापाच्या तबकड्या लावणारा? त्याचे सोन्याचे दात गेले, आता स्वतःचेही फारसे उरले नाहीत. त्याचं म्हणणं, पत्र टपालाने टोरंटोला पोहोचेपर्यंत क्लोव्हिस स्वर्गात जुना भाडेकरू झालेला असेल. म्हणून मी कागदावर लिहितो आणि तो फोनने फोटो काढून पाठवतो. मी म्हटलं, मग सरळ फोनच लाव की.

"लावला होता आजोबा. उचलत नाही."

म्हणून हे असं.

माझी बहीण डॉर्कस क्लॅरेंडनहून आली आहे. आल्या आल्या तिने आरसा झाकला, शेजारच्या दोन बायकांना रडायचं कसं ते शिकवलं आणि मला अंघोळीला पिटाळलं. पुढच्या गुरुवारी नववी रात्र. नऊ रात्री माणूस घरातच असतो, आपली खाट, आपला पेला ओळखत फिरतो. नवव्या रात्री खाट फिरवायची, कपाट हलवायचं, गादी उलटी घालायची, म्हणजे त्याला खोली ओळखू येत नाही आणि तो आपल्या वाटेला लागतो. तोवर जे सांगायचं ते त्याला ऐकू जातं, असं डॉर्कस म्हणते. माझा यावर विश्वास आहे का? शाळेत आम्हाला तारे, समुद्र आणि बुडणारी जहाजं शिकवली, हे कुणी शिकवलं नाही. पण तू गुरुवारपर्यंत ये. सोळा वर्षं तू त्याच्याशी बोलली नाहीस. खोली अजून त्याला ओळखू येतेय तोवर ये.

मी ठीक आहे. झोपही लागते.

तुझा आजोबा,
आल्फियस टलॉक

शनिवार, ६ फेब्रुवारी

प्रिय नॅडीन,

डिग्बी सांगतो, पत्राखाली दोन निळ्या खुणा आल्या म्हणजे तू ते वाचलंस. मी त्या खुणांकडे बराच वेळ बघत बसलो. आमच्या शाळेच्या बाई कविता बिनचूक उतरवली की वहीत अशीच निळी खूण करायच्या, आणि ती वही मी उशाखाली घेऊन झोपायचो.

रेडिओ सकाळपासून त्याचीच गाणी लावतो आहे. एक शहाणा सांगत होता, काउइचच्या जिभेसारखी जीभ या बेटावर पुन्हा होणार नाही. खरं आहे. ते नाव त्याला माझ्यामुळेच पडलं. लहानपणी मी रागावून म्हणायचो, "अरे, तू माणूस आहेस की काउइच? तुझा नुसता स्पर्श झाला तरी माणूस स्वतःलाच ओरबाडून घेतो." खाजकुइलीच होता पोरगा. मग लेबर्टने स्वतःला टॅमरिंड म्हणवून घेतलं, कारण आयसिल्डा त्या दोघांना चिंचेच्या फोकाने झोडायची. एक खाजकुइली, एक चिंचेचा फोक. पुढे वर्षानुवर्षं दोघांनी माइकवरून एकमेकांची सालटी काढली, लोकांनी तिकिटं काढून ती ऐकली, आणि सामना संपला की सकाळी दोघं आयसिल्डाच्या चुलीपाशी एकाच भांड्यातली मक्याची लापशी ओरपायचे. तूही मध्ये बसायचीस, तुझी वेणी अर्धी घातलेली.

"काल मला बेडूक म्हणालास ना रे?" लेबर्ट विचारायचा.

"बेडूकच म्हटलं. तुझ्या आईला काही म्हटलं का?"

"म्हणून तर बघ."

आणि आयसिल्डा चुलीकडे तोंड करूनच म्हणायची, "म्हण की. दोघांचीही लापशी बंद."

काल डिग्बी अंगणात साउंडचे बॉक्स कुठे लावायचे ते पावलांनी मोजत होता. बॉक्स मी केलेलेच आहेत, इतक्या वर्षांत एकही सांधा उकललेला नाही. तो म्हणाला, "आजोबा, गुरुवारी ते गाणं लावावंच लागेल."

"दुसरी साठेक गाणी आहेत त्याची."

"ती तुम्हाला आणि मला माहीत. लोक त्या चार ओळींसाठी येणार."

"लोक मेलेल्या माणसासाठी येणार."

"मेलेल्या माणसासाठी डॉर्कस आत्या आली. लोक तळलेली मासळी, रम आणि त्या चार ओळी यांसाठी येतात. मिनीबसमध्ये तेच वाजतंय, न्हाव्याकडे तेच वाजतंय. पोरांनी शर्टावर छापून घेतल्यात त्या ओळी. त्या काढल्या तर काउइच म्हणजे उरलं काय?"

मी रंधा मारत राहिलो. कसला रंधा, ते तुला सांगायला नको. घरात सुतार असल्यावर शवपेटी बाहेरून कोण घेणार.

त्या ओळी मी इथे लिहिणार नाही. तुला त्या येतात. सगळ्या बेटाला येतात. सोळा वर्षांपूर्वीच्या त्या सामन्याच्या संध्याकाळी तू माझ्या शेजारी उभी होतीस, नाताळच्या दुसऱ्या दिवशी. पण मी जे पाहिलं ते तू पाहिलं नसशील, कारण तू तोंड झाकून घेतलं होतंस, म्हणून सांगतो.

आयसिल्डाला पुरून तीन आठवडेही झाले नव्हते. आजाराने ती इतकी वाळली होती की मी तिची पेटी मुलाच्या मापाची केली. देवदाराची. खांदा देणारे सहा जण होते आणि पुढे उजवीकडे लेबर्ट, डावीकडे क्लोव्हिस. लेबर्टने सामन्याला नाही म्हणायला हवं होतं. पण सामना नाकारला तर लोक घाबरला म्हणतात, आणि क्लोव्हिसने नाकारला असता तर त्यालाही म्हणाले असते. दोघं उभे राहिले. लेबर्ट दुःखाने पेटलेला होता, त्याच्या ओळी एकामागून एक लागत होत्या, पत्रा त्याच्याच बाजूने वाजत होता. क्लोव्हिसकडे काही उरलं नाही. मग त्याने त्या चार ओळी बांधल्या, तिथल्या तिथे. पहिलीत तिचं भांडं, दुसरीत तिचं पोट, तिसरीत तिचे हात. आणि चौथीत तिची पेटी किती हलकी होती ते. त्याला कसं माहीत? त्याच्याच खांद्यावर होती ना.

चौथी ओळ तोंडातून गेली तेव्हाचा त्याचा चेहरा मी पाहिला. हातातून कप निसटला की माणसाचा होतो तसा. त्याने डिग्बीला हाताने खूण केली, पुढे चल, पुढचं लाव. पण पत्रा वाजला. असा वाजला की मैदानाबाहेरचे कुत्रेही भुंकायचे थांबले. डिग्बीने सुई उचलली आणि मागे नेली. तो तरी काय करणार, नियम तो नियम. क्लोव्हिसने पुन्हा म्हटल्या. पुन्हा पत्रा. एकदा निसटलेली ओळ गर्दीत हरवूनही गेली असती. पत्र्याने ती हरवू दिली नाही, दरवेळी उचलून त्याच्या हातात दिली. शेवटी शेवटी तो हसत होता. तुला त्याचं ते हसणंच आठवत असेल.

जवाब द्यायची पाळी लेबर्टची होती. त्याने माइक खुर्चीवर ठेवला, नीट, वायर गुंडाळून, आणि निघून गेला. दुसऱ्या दिवशी चूल पेटली नाही. पेटवणारी नव्हती आणि खाणारेही नव्हते. लेबर्ट इंग्लंडला गेला म्हणतात, पुन्हा कधी गायला नाही म्हणतात. तू तुझ्या आईकडे टोरंटोला गेलीस. आणि त्या संध्याकाळी रेकॉर्ड झालेलं ते गाणं सगळीकडे गेलं.

आयसिल्डाचं दार अजून तसंच आहे, आपल्या दारासमोर, निळं. ज्या आवारात तिने त्याला जेवू घातलं त्या आवारात गुरुवारी त्या ओळी वाजणार. मला हे थांबवायचं आहे आणि माझं कुणी ऐकत नाही. तू त्याची मुलगी आहेस. तू येऊन नको म्हणालीस तर ऐकतील.

आजोबा

सोमवार, ८ फेब्रुवारी

प्रिय नॅडीन,

निळ्या खुणा आल्या. तू आली नाहीस. रागावलेलो नाही.

मला झोप लागते असं मी लिहिलं होतं. लागत नाही. मी कामाच्या शेडमध्ये भुशाच्या पोत्यावर पडतो, त्याच्या खोलीत जात नाही. चहाचा कप अजून स्टुलावर आहे. डॉर्कस म्हणते, "मुंग्यांनीसुद्धा त्याला हात लावला नाही, तुला कसली भीती वाटते?" मला भीती नाही वाटत. पण त्या खोलीत चार वर्षं काय झालं ते तुला कळवलं नाही, ते आता लिहिलं पाहिजे.

त्याला पक्षाघाताचा झटका आला तेव्हा मी तुझ्या आईला कळवलं होतं की वाचा गेली. तेवढंच तुला समजलं असेल. वाचा गेली होती, नॅडीन, पण पूर्ण नाही. त्या चार ओळी राहिल्या.

पाणी मागायला तोंड उघडलं की त्या यायच्या. मला हाक मारायची असली की त्या यायच्या. उशी सरकली, पाय दुखला, पाहुणा आला, तरी त्याच. डॉक्टरीणबाईंनी मला समजावलं की मेंदूत जी पायवाट सगळ्यात जास्त तुडवलेली असते ती शेवटपर्यंत शाबूत राहते. मी त्यांना म्हटलं, बाई, ती वाट त्याने एकट्याने नाही तुडवली. त्यांना माझं बोलणं कळलं नाही. वॉर्डातल्या पोरी हसायच्या, "काउइच, अजून एकदा म्हणा ना." त्यांना वाटायचं म्हातारा गमतीत गातोय.

मग त्याने काय केलं ते सांगतो. पहिल्या ओळीला त्याचे डोळे मोठे व्हायचे. दुसरीला तो मान हलवायला लागायचा, नको नको अशी. तिसरी सरता सरता उरलेला एक धड हात उचलून तो तोंडावर दाबायचा. असा दाबायचा की तळव्यावर दातांचे वळ उठायचे. मग डोळ्यांतून पाणी. मी त्या हाताला रोज खोबरेल लावायचो. हॉस्पिटलातून घरी आल्यापासून त्याने चौथी ओळ एकदाही पुरी होऊ दिली नाही. एकदाही नाही.

मी त्याला दुसरे शब्द देऊन पाहिले. संध्याकाळी खाटेपाशी बसून ती घोड्यांची कविता म्हणायचो, बाईंनी शिकवली तशी, हात मागे बांधून. ती संपली की तो खाटेच्या फळीवर थाप मारायचा. पहिल्यापासून. मी पहिल्यापासून म्हणायचो. त्याचे ओठ माझ्याबरोबर हलायचे, घोड्यांच्या लयीत अगदी बरोबर, आणि आवाज यायचा तो त्या ओळींचा. मग हात तोंडावर. मग पुन्हा फळीवर थाप. त्याने सोडून दिलं नाही आणि मीही नाही. आम्ही बापलेक आयुष्यात जेवढं बोललो नव्हतो तेवढं त्या फळीवर बोललो.

आता तुला कळेल मला काय टोचतं आहे. गुरुवारी डिग्बीने ते गाणं लावलं तर चौथी ओळ त्याच्याच आवाजात वाजेल, आयसिल्डाच्या दारासमोर, तो अजून खोलीत असताना, आणि या खेपेला तोंड दाबायला त्याला हात नाही.

वरचं पान डिग्बीने आत्ताच फोटो काढायला घेतलं होतं. तो वाचतोच, वाचत नाही असं म्हणतो. पहिल्या पत्रावरून भांडला होता, "माझ्या दातांबद्दल कशाला लिहिलं?" या वेळी फोन खाली ठेवून नळापाशी जाऊन बसला. तिथूनच म्हणाला, "मी भेटायला यायचो तेव्हा माझ्यासमोरही म्हणायचा. मी टाळ्या वाजवायचो."

"माहीत आहे."

"मला वाटायचं, गातोय."

"त्यालाही माहीत होतं की तुला तसं वाटतंय. तुझ्यावर राग नव्हता त्याचा."

"आजोबा, मी नाही लावणार. पण कुणीतरी फोनवरून लावेल, आणि शंभर जण त्याच्याबरोबर म्हणतील. गाणं आता माझ्या हातातलं राहिलं नाही. तुमच्याही नाही. नॅडीन आली तरी तिच्याही नाही, हेही लिहा."

"मग कुणाच्या?"

"ज्याच्या आईवर आहे त्याच्या. लेबर्ट नको म्हणाला तर सगळं किंग्स्टन गप्प बसेल. पण त्याला आणायचा कुठून?"

कुणालाच ठाऊक नाही. दर डिसेंबरात आयसिल्डाच्या थडग्याला कुणीतरी पांढरा रंग देऊन घेतं, त्यावरून एवढंच कळतं की कुणीतरी आहे.

आजोबा

गुरुवार, ११ फेब्रुवारी, दुपार

प्रिय नॅडीन,

आज सकाळपासून पालिसाडोजच्या विमानतळावर उतरणारं प्रत्येक विमान मी बघतो आहे. डॉर्कस म्हणाली, "मान मोडून घे, म्हणजे एका रमच्या बाटलीत दोन मयतं उरकतील." मग तिने मला नीरफणस भाजायला बसवलं, कारण विस्तव खाली असतो आणि वर बघता येत नाही.

अंगण भरत चाललं आहे. मागे बोकडाच्या सूपाचा हंडा चढला. डॉमिनोची टेबलं मांडली, पहिलं भांडणही झालं. शर्टावर ओळी छापलेली पोरं फाटकापाशी उभी आहेत. चांगली पोरं आहेत, मला वाकून नमस्कार करतात, "सॉरी आजोबा, फार मोठा माणूस गेला" म्हणतात, आणि त्यांच्या पाठीवर आयसिल्डाची पेटी असते. मी त्यांना काय सांगू? ही पोरं जन्मली तेव्हा आयसिल्डा मातीत होती.

मी डॉर्कसला विचारलं, खाट आत्ताच फिरवून टाकली तर? दिवसाउजेडीच निरोप दिला तर त्याला ते ऐकावं लागणार नाही.

"नवव्या रात्रीचं काम दुपारी करतात का? म्हणे शाळा शिकलास." मग जरा हळू आवाजात, "आणि कुणाबरोबर फिरवणार? ती खाट तू अशी केली आहेस की दोन पुरुषांशिवाय हलत नाही. तुझ्या पोराची खाट उचलायला कुणाला बोलावशील, त्या शर्टवाल्यांना?"

मी दाराशी जाऊन उभा राहिलो. आत गेलो नाही. खाटेच्या फळीवर मधोमध पॉलिश गेलं आहे, तळहाताएवढं. दुसरं लाकूड असतं तर इतक्या थापांनी खड्डा पडला असता. मी मनाशी कविता म्हणून पाहिली. तिसऱ्या कडव्याशी अडलो. इतकी वर्षं पाठ असलेली कविता, नॅडीन, आणि तिसरं कडवं सापडेना, कारण डोक्यात तेच चार ओळींचं दळण चालू होतं. माझ्याही मेंदूत तीच वाट पडली असावी.

पत्र इथेच संपवणार होतो. तू येणार नाहीस हे मला कळलं होतं आणि ते मी सभ्य शब्दांत कसं लिहावं याचा विचार करत होतो. तेवढ्यात फाटकाचा पत्रा वाजला. मुठीने नाही, बोटांच्या पेरांनी नाही. उघड्या तळहाताची थाप. एकच.

"डिग्बी, बघ रे कोण आहे."

डिग्बी शिडीवर वायर बांधत होता. वरून त्याला फाटकाबाहेरचं दिसत होतं. तो खाली उतरला, टोपी काढली आणि जाऊन वाजत असलेला रेडिओ बंद केला. डॉमिनोवालेही थांबले.

फाटकात एक पांढऱ्या केसांचा माणूस उभा होता. थंडीच्या देशातला जाड कोट काखेत, कपाळावर घाम. मी ओळखलं नाही. डॉर्कसने हंड्यापासूनच ओळखलं.

"लेबर्ट, आत तरी ये, नाहीतर फाटक तरी लाव. माशा येतात."

तो आधी निळ्या दाराकडे गेला. दाराला हात लावला, उघडलं नाही. मग माझ्यासमोर आला. शर्टवाल्या पोरांतल्या एकाला कुणीतरी कानात काहीतरी सांगितलं आणि त्याने दोन्ही हात छातीवर दुमडून घेतले, जणू अक्षरं पुढेच छापली होती.

"मास आल्फी," लेबर्ट लहानपणीच्याच हाकेने म्हणाला, "नॅडीनने तुमची पत्रं पाठवली. ती मला दर नाताळला फोन करते, हे तुम्हाला माहीत नसेल. विमानात पुन्हा वाचली."

मला खुर्ची पुढे करायचंही सुचलं नाही.

"खाट अजून फिरवली नाही ना?"

"नाही."

"म्हणजे त्याला ऐकू जाईल."

"डॉर्कस तसं म्हणते."

त्याने मान हलवली. मग डिग्बीकडे वळला. "लोकांना हवंय ना? लाव. पण तिसरी ओळ संपली की सुई उचल. माझा जवाब राहिलाय. चौथी ओळ मी घेऊन आलोय."

डिग्बी म्हणाला, "कसली ओळ, लेबर्ट?"

"आधी मला त्याला सांगू दे. मग तुम्हाला."

तो माझ्या परवानगीची वाट बघत उंबऱ्यापाशी थांबला होता, लहानपणी थांबायचा तसा. मी बाजूला झालो. तो आत गेला. इथवर लिहून मी लेखणी खाली ठेवणारच होतो, एवढ्यात आतून खाटेच्या फळीवर थाप ऐकू आली. पहिल्यापासून.